बर्फाविना अस्वल

सिंगापूर विषुववृत्ताच्या उत्तरेला जेमतेम दीड अंशावर आहे. तिथे हिवाळा नावाचा ऋतूच नाही. बाराही महिने दुपारचे तापमान तिशीच्या वर आणि हवा दमट. या शहराच्या प्राणिसंग्रहालयात २६ डिसेंबर १९९० रोजी एका ध्रुवीय अस्वलाचा जन्म झाला. त्याचे नाव ठेवले इनुका. उष्ण कटिबंधात जन्मलेले ते पहिले ध्रुवीय अस्वल. इनुका सत्तावीस वर्षे जगला. आर्क्टिकमध्ये मोकळी फिरणारी अस्वले एवढे वय क्वचितच गाठतात. म्हातारपणाची दुखणी हाताबाहेर गेली, तेव्हा २५ एप्रिल २०१८ रोजी डॉक्टरांनी त्याला भूल दिली आणि त्यातून पुन्हा जागे केले नाही.

उष्ण हवेत ध्रुवीय अस्वल जगू शकते का, या प्रश्नाचा निकाल इनुकाने लावला, असे कुणी म्हणाले तर ते चूक नाही. जगू शकते. अर्जेंटिनातल्या मेंदोसा शहरात उन्हाळ्यात पारा चाळिशीला टेकतो. तिथल्या आर्तुरो नावाच्या अस्वलाने २०१६ पर्यंत दिवस काढले आणि तिसाव्या वर्षी देह ठेवला. त्याही मागे जायचे, तर १२५२ मध्ये नॉर्वेच्या राजाने इंग्लंडच्या तिसऱ्या हेन्रीला एक पांढरे अस्वल भेट म्हणून पाठवले होते. ते लंडनच्या टॉवरमध्ये ठेवले होते आणि त्याच्या पोटासाठी रोज चार पेन्स द्यावेत, असा हुकूम शहराच्या शेरीफांना सुटला होता. पुढे खर्च वाचावा म्हणून असेल, पण लांब दोर बांधून त्याला थेम्स नदीत मासे धरायला सोडत.

या तिन्ही अस्वलांमध्ये समान काय, हे पाहिले की उत्तरातली मेख कळते. तिघांनाही कुणीतरी खायला घालत होते.

म्हणूनच या पुस्तकाच्या दारातच दोन प्रश्न वेगळे करून ठेवतो. अस्वलाच्या शरीराला उष्णता सोसवते का, हा एक. उष्ण झालेल्या जगात अस्वलाला स्वतःचे पोट भरता येईल का, हा दुसरा. बोलताना आपण हे दोन्ही एकात मिसळतो. वर्तमानपत्रातल्या व्यंगचित्रात अस्वल घाम पुसत असते. प्रत्यक्षात त्याचे संकट घामाचे नाही.

तरी पहिला प्रश्न अगदीच फुसका आहे असे नाही. ध्रुवीय अस्वलाची कातडी काळी असते. तिच्याखाली चरबीचा थर, काही ठिकाणी दहा सेंटिमीटरपर्यंत जाड. वर दुहेरी केस: आत दाट लव आणि बाहेर लांब, पोकळ, रंगहीन केस. त्यांच्यावर प्रकाश विखुरतो म्हणून आपल्याला ते पांढरे दिसतात. हे केस सूर्याचे अतिनील किरण नळीतून आणल्यासारखे थेट कातडीपर्यंत पोचवतात, अशी एक सुरस गोष्ट कितीतरी विज्ञानपुस्तकांत छापली गेली. अमेरिकी भौतिकशास्त्रज्ञ डॅनियल कून यांनी नव्वदच्या दशकात प्रत्यक्ष केस तपासून ती खोडून काढली. गोष्ट मात्र अजून छापली जातेच. पोकळ केसांचा खरा तापदायक परिणाम सिंगापूरकरांनी पाहिला. २००४ मध्ये इनुका आणि त्याची आई शीबा हिरवट झाली. दमट हवेत केसांच्या पोकळीत शेवाळ वाढले होते. अमेरिकेत सान दिएगोच्या अस्वलांना हा रंग चढला होता, त्याचा उलगडा १९७९ मध्येच झाला होता. सिंगापूरच्या मायलेकांना हायड्रोजन पेरॉक्साइडने धुऊन पुन्हा पांढरे करण्यात आले. यापुढे आर्क्टिकचे प्राणी आणायचे नाहीत, असे त्या प्राणिसंग्रहालयाने २००६ मध्ये ठरवले. माझ्या मते हा निर्णय निदान पंधरा वर्षे उशिरा झाला.

उष्णता राखण्यात हे शरीर इतके तरबेज आहे की ती बाहेर टाकणे त्याला जड जाते, आणि हे आर्क्टिकमध्येसुद्धा. ध्रुवीय अस्वल धावले की लवकर तापते, म्हणून ते बहुतेक वेळ संथ चालते. तापले की बर्फावर चारी पाय पसरून पोट टेकते, नाहीतर पाण्यात उतरते. कॅनडातल्या हडसन उपसागराच्या काठी जुलै-ऑगस्टमध्ये एखाद्या दिवशी तापमान तीस अंशांपर्यंत जाते. तिथली अस्वले जमीन उकरतात, कायम गोठलेल्या थरापर्यंत पोचतात आणि त्या गारव्यात दिवसभर पडून राहतात. म्हणजे उन्हाळा कसा काढायचा, हे त्यांना ठाऊक आहे. जेम्स उपसागरातल्या अकिमिस्की बेटावर तर ध्रुवीय अस्वले ५३ अंश अक्षांशावर राहतात. आयर्लंडची राजधानी डब्लिन याच रेषेवर येते. तेव्हा ऊन हा मुद्दा बाजूला ठेवून पोटाकडे वळतो.

ध्रुवीय अस्वल जगते सीलच्या चरबीवर. मुख्यतः कडेसील, म्हणजे अंगावर कड्यांसारख्या खुणा असलेला लहान सील, आणि त्याच्या जोडीला मोठा दाढीवाला सील. खुल्या पाण्यात सील अस्वलाच्या हाती लागत नाही. अस्वल पोहते उत्तम, पण सील त्याच्याहून कितीतरी चपळ. मात्र सीलला श्वास घ्यायला वर यावे लागते, आणि समुद्रावर बर्फ असेल तर बर्फातल्या ठरावीक भोकांशीच यावे लागते. अस्वल त्या भोकाशी तासन्‌तास न हलता बसते. बर्फ म्हणजे त्याची शिकारीची जागा. ती गेली की सील समुद्रात असूनही नसल्यासारखे.

त्यातही सगळे दिवस सारखे नसतात. वसंतात सीलची पिल्ले जन्मतात आणि दूध सुटेपर्यंत त्यांच्या वजनाचा निम्मा वाटा चरबीचा होतो. मार्चच्या अखेरीपासून बर्फ वितळेपर्यंतच्या या काळात अस्वल वर्षाची कमाई करून घेते. कोकणात पावसाळ्यापूर्वी आगोट भरून ठेवतात, तसे हे. पिल्ले मुबलक असली तर ते नुसती चरबी खाते आणि मांस कोल्ह्यांसाठी सोडून पुढे जाते. एवढी चरबी रोज खाऊनही त्याच्या हृदयाचे काही बिघडत नाही. तपकिरी अस्वलापासून वेगळे होताना त्याच्या रक्तातली चरबी हाताळणाऱ्या जनुकांत मोठे बदल झाले, हे २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासाने दाखवले. या शरीराला चरबीची नुसती आवड नाही. ते चरबीसाठीच घडले आहे.

बर्फ लवकर वितळला तर वसंताचे तेच भरवशाचे आठवडे कापले जातात. हे सगळ्यात स्पष्ट दिसते ते हडसन उपसागराच्या पश्चिम किनाऱ्यावर, चर्चिल या छोट्या गावाभोवती. उन्हाळ्यात हा उपसागर पूर्ण वितळतो. अस्वले किनाऱ्यावर येतात आणि नोव्हेंबरात पाणी पुन्हा गोठेपर्यंत जवळजवळ उपाशी राहतात. हा उपास त्यांना नवा नाही, पिढ्यान्‌पिढ्यांचा आहे. नवे आहे ते त्याचे लांबणे. १९८०च्या दशकाच्या तुलनेत ही अस्वले आता तीनेक आठवडे जास्त किनाऱ्यावर काढतात. आपल्याला तीन आठवडे क्षुल्लक वाटतात. पण ते कापले जातात वसंताच्या खाण्यातून आणि जोडले जातात उपासाला, म्हणजे नुकसान दोन्हीकडून. १९८७ मध्ये इथे सुमारे १,१८५ अस्वले होती. २०१६ मध्ये ८४२. २०२१ च्या हवाई गणनेत ६१८.

या आकड्यांमागे मोठी अस्वले उपासमारीने धडाधड कोसळताहेत, असे चित्र डोळ्यांपुढे आणू नका. घट शांतपणे होते, आणि ती माद्यांच्या शरीरात सुरू होते. ध्रुवीय अस्वलांचे मीलन एप्रिल-मेमध्ये होते, पण फलित बीज गर्भाशयात लगेच रुजत नाही. ते शरद ऋतूपर्यंत थांबून राहते. तोवर मादीने पुरेशी चरबी साठवली असेल तरच ते रुजते. पश्चिम हडसनमधल्या संशोधकांनी वर्षानुवर्षे माद्यांची वजने घेतली. शरदात १८९ किलोपेक्षा कमी वजन असलेल्या मादीला पुढच्या वसंतात पिल्ले झालेली त्यांना आढळली नाहीत. गर्भार मादी बिळात शिरते आणि तिथेच साधारण सहाशे ग्रॅम वजनाची पिल्ले जन्माला घालते. ती त्यांना दूध पाजते, त्या दुधात चरबीच तीस टक्क्यांच्या आसपास, आणि हे सगळे आठ-आठ महिने स्वतः काही न खाता. सस्तन प्राण्यांत याला तोड क्वचितच सापडेल. या हिशेबात थोडी तूट आली की आधी दुसरे पिल्लू जाते, मग पहिले, मग पिल्ले होणेच थांबते. म्हातारी अस्वले दिसत राहतात, गावात फिरतातही. पाहणाऱ्याला वाटते, आहेत की भरपूर.

मग त्यांनी जमिनीवरचे खावे, असे सुचवणारे लोक आहेत, आणि ते सगळेच भाबडे नाहीत. न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्ट्रीतले पक्षिशास्त्रज्ञ रॉबर्ट रॉकवेल यांनी चर्चिलजवळच्या हंसांच्या वसाहतींचा बराच अभ्यास केला. अस्वले आता किनाऱ्यावर लवकर येतात आणि नेमकी अंडी उबवण्याच्या काळात पोचतात, तेव्हा अंड्यांतून काही भरपाई होईल, असे त्यांचे म्हणणे. त्याआधी १९८५ मध्ये निकोलस लन आणि इयान स्टर्लिंग यांनी उलट हिशेब मांडला होता. अस्वल हंसामागे बारा सेकंदांपेक्षा जास्त धावले, तर हंस मिळूनही ते तोट्यात जाते, असा. रॉकवेल यांच्या गटाने पुढे तो हिशेब फेरतपासून अस्वलाला आणखी काही सेकंदांची सवलत दिली. काही सेकंदांवरून दोन गट निबंधांतून भांडताहेत, हे मजेशीर वाटेल. पण विज्ञान बहुतेक वेळा असेच चालते आणि मला ही भांडणे आवडतात.

२०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाने हा वाद बराच जमिनीवर आणला. अँथनी पगानो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पश्चिम हडसनमधल्या वीस अस्वलांच्या गळ्यात कॅमेऱ्याचे पट्टे बांधले आणि त्यांचा उन्हाळा चित्रित केला. काही अस्वले दिवस-दिवस जवळजवळ निजून राहिली. काहींनी बेरी, गवत, समुद्री शेवाळ, पक्षी, जे मिळेल ते खाल्ले. काही अन्नाच्या शोधात लांबवर पोहली. निजणारे असो की धडपडणारे, वीसपैकी एकोणिसांचे वजन उतरले, सरासरी दिवसाला एक किलो. खाणाऱ्यांनी जे कमावले ते शोधण्यातच खर्चले. याला एक साधा पुरावाही आहे. आर्क्टिकच्या किनारी मैदानांवर राहणारी तपकिरी अस्वले त्यांच्या जातीतली सगळ्यांत लहान असतात आणि तीही विरळ असतात. त्या जमिनीचे अन्न जितके मोठे अस्वल पोसू शकते, तितकेच मोठे तिथे आहे.

इथवर वाचून निकाल लागला असे वाटले, तर थोडे थांबा. दोन जागा या चित्रात बसत नाहीत.

पहिली आग्नेय ग्रीनलंड. क्रिस्टिन लेड्रे आणि सहकाऱ्यांनी २०२२ मध्ये तिथल्या काही शे अस्वलांचा एक वेगळा गट जगापुढे आणला. एका बाजूला डोंगर आणि ग्रीनलंडची बर्फाची चादर, दुसऱ्या बाजूला जोरात वाहता समुद्र, यांच्यामध्ये शेकडो वर्षे एकाकी पडलेला हा गट. त्यांच्या समुद्रावर वर्षातले अडीचशेहून अधिक दिवस बर्फ नसतो. इतर ठिकाणच्या अस्वलांना हे झेपलेच नसते. ही अस्वले हिमनद्यांच्या तोंडाशी समुद्रात कोसळून साचणाऱ्या गोड्या पाण्याच्या बर्फावरून शिकार करतात. पण असा बर्फ सगळ्या आर्क्टिकमध्ये मिळत नाही. हिमनदी थेट समुद्रात उतरते तिथेच. तिथल्या माद्या आकाराने लहान आहेत आणि पिल्लेही कमी होतात. हा आसरा आहे, तोही अरुंद.

दुसरी जागा नॉर्वेच्या ताब्यातला स्वालबार द्वीपसमूह, आणि इथे आपलाही पाय आहे. गोव्यात वास्कोला राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्र आहे. त्या केंद्राचे हिमाद्री हे ठाणे स्वालबारच्या न्यू-ऑलेसुंद वसाहतीत २००८ पासून चालू आहे. याच केंद्राची अंटार्क्टिकातली मैत्री आणि भारती ही ठाणी सर्वांना माहीत आहेत. तिथे अस्वले नाहीत, तशी आर्क्टिकमध्ये पेंग्विन नाहीत, हे शाळेच्या भिंतींवरची चित्रे पाहता पुन्हा सांगायला हवे. हिमाद्रीत जाणाऱ्या शास्त्रज्ञाला वसाहतीच्या हद्दीबाहेर पडायचे तर बंदूक चालवायला शिकावे लागते, ते अस्वलांमुळेच. न्यू-ऑलेसुंदसमोरचा काँग्सफ्योर्ड पूर्वी हिवाळ्यात गोठे. २००६ नंतर अटलांटिकचे ऊबदार पाणी आत शिरू लागले आणि बहुतेक हिवाळ्यांत तो उघडाच राहतो. बॅरेंट्स समुद्रातला बर्फ आर्क्टिकमध्ये सर्वांत वेगाने हटला. असे असूनही इथल्या अस्वलांची अंगकाठी ढासळलेली नाही. ती रेनडिअर मारतात, वॉलरसच्या मढ्यांवर ताव मारतात, समुद्री बदके आणि हंसांच्या वसाहतींतली अंडी काही वर्षी जवळपास साफ करतात. शिवाय १९७३ पर्यंतच्या बेसुमार शिकारीतून ही अस्वले अजून सावरत असावीत. पक्ष्यांच्या बाजूने पाहिले तर या जुळवून घेण्याचे कौतुक कमी होते, पण तो विषय पुढच्या एका प्रकरणात आला आहे.

भूतकाळाची साक्षही काढावी लागेल. २००४ मध्ये स्वालबारमध्येच प्रिन्स कार्ल बेटाच्या किनाऱ्यावर ओलावुर इंगोल्फसन यांना ध्रुवीय अस्वलाचा एक जबडा मिळाला. तो १,१०,००० ते १,३०,००० वर्षे जुना ठरला. म्हणजे त्याच सुमाराला होऊन गेलेले उष्ण युग या प्राण्याने पाहिले आहे. तेव्हाचा आर्क्टिक उन्हाळा आजच्याहून काही अंशांनी अधिक उष्ण होता. ध्रुवीय अस्वल त्यातून तगले. काही आसऱ्यांत थोडी अस्वले उरली असावीत. कुठेकुठे तपकिरी अस्वलांशी संकरही झाला. अलास्काच्या काही बेटांवरल्या तपकिरी अस्वलांच्या जनुकांत त्याच्या खुणा आजही सापडतात. मग आता घाबरायचे कशाला, असा प्रश्न येतोच. उत्तर वेगात आहे. तो बदल हजारो वर्षांत झाला, हा काही दशकांत होतो आहे. ध्रुवीय मादी पाच-सहा वर्षांची झाल्यावर पहिल्यांदा विते आणि मग तीन वर्षांतून एकदा. इतक्या मंद पिढ्यांना नवे शरीर घडवायला वेळ कुठून मिळणार? संकराचे आशावादी चित्रही फारसे टिकत नाही. २००६ मध्ये कॅनडात पहिले संकरित रानटी अस्वल सापडल्यावर गाजावाजा झाला; नंतरच्या तपासात माहीत असलेली आठही संकरित अस्वले एकाच ध्रुवीय मादीच्या वंशातली निघाली.

आकड्यांचे राजकारण मी थोडक्यात आटोपतो. साठच्या दशकात पाच हजार अस्वले होती, आज सव्वीस हजार आहेत, मग संकट कुठले, असे म्हणणारे पुष्कळ भेटतात. आजचा अंदाज खरा आहे, आणि तो एकोणीस गटांचा मिळून आहे. साठच्या दशकातला मात्र निव्वळ ठोकताळा होता. त्या काळात विमानातून आणि जहाजातून हौसेखातर अस्वले मारली जात. १९७३ मध्ये कॅनडा, अमेरिका, सोव्हिएत संघ, नॉर्वे आणि डेन्मार्क यांनी करार केला, शिकारीला लगाम बसला आणि बऱ्याच ठिकाणी अस्वले वाढली. शीतयुद्धाच्या काळात झालेला हा करार संवर्धनाच्या इतिहासात मोलाचा आहे. मात्र बंदूक आवरून झालेली वाढ बर्फ वितळल्यावर टिकेल, असा अर्थ त्यातून काढता येत नाही. दुसऱ्या बाजूनेही अतिरेक झाला. २०१७ मध्ये एका हाडकुळ्या, लटपटत्या अस्वलाची चित्रफीत जगभर फिरली. ते अस्वल हवामान बदलामुळेच मरते आहे, असे सांगायला आधार नव्हता, आणि आपला मथळा फार पुढे गेला, हे नॅशनल जिओग्राफिकने नंतर मान्यही केले. अशा चित्रांनी खऱ्या गोष्टीचे नुकसानच होते, असे माझे ठाम मत आहे.

इनुइट लोकांचे म्हणणे यात सहसा हरवते. कॅनडाच्या उत्तरेकडील नुनावुतमधल्या कित्येक गावांत अस्वले पूर्वीपेक्षा जास्त दिसतात, धोका वाढला आहे, असे तिथले लोक सांगतात. दक्षिणेतून आलेल्या शास्त्रज्ञाने त्यांना तुमचा अस्वलांचा अनुभव चुकीचा आहे असे सांगणे हा उद्धटपणा आहे. गावाशी अस्वले वाढणे आणि उपसागरात अस्वले घटणे एकाच वेळी खरे असू शकते. किनाऱ्यावर अडकलेले भुकेले अस्वल गावाकडेच वळते. चर्चिलमध्ये लोक मोटारींना कुलूप लावत नाहीत, रस्त्यात अचानक अस्वल समोर आले तर कुणालाही आत शिरता यावे म्हणून.

तेव्हा माझे उत्तर असे. उष्ण हवेत ध्रुवीय अस्वल जगते, आयते अन्न मिळाले तर विषुववृत्तावरही. बर्फाशिवायच्या समुद्राकाठी स्वतःच्या बळावर पिल्ले वाढवत ते जगणार नाही. दक्षिणेकडचे गट आधी जातील, पश्चिम हडसन त्यांत पुढे असेल. ग्रीनलंड आणि कॅनडाच्या अगदी उत्तरेकडच्या बेटांत काही अस्वले दीर्घकाळ टिकतील. किती टिकतील हे आपण किती कोळसा आणि तेल जाळतो यावर ठरेल, कारण समुद्री बर्फ त्याच हिशेबाने घटतो आहे. ज्यांना हा निवाडा फार निराश वाटतो, त्यांनी स्वालबारवरचे प्रकरण आधी वाचावे. तिथली धष्टपुष्ट अस्वले माझ्या विरुद्ध साक्ष देतात, आणि ती साक्ष मी तिथे कापून छापलेली नाही.